पेटंटची नोंदवही उघडी आहे, खरेदी समित्यांनी ती वाचावी

संपादक महोदय,

स. न. वि. वि.

वैद्यकीय उपकरणाच्या दरपत्रकावर ‘पेटंटेड’ असे छापलेले दिसले की आपल्याकडे पुढची चौकशी थांबते. ही वस्तू एकाच कंपनीकडे मिळते, तुलनेला दुसरी नाही, तेव्हा सांगितलेली किंमत मुकाट्याने मोजावी, ही समजूत खासगी दवाखान्यांत तर आहेच, पण लोकांच्या पैशातून खरेदी करणाऱ्या संस्थांतही ती मुरलेली आहे. सोलापुरात दंतवैद्यांसाठी कवळ्या, कॅप आणि ब्रिज बनवून देणारी लॅब मी चालवतो, त्यामुळे अशी दरपत्रके आणि ती घेऊन येणारे प्रतिनिधी यांच्याशी माझा रोजचा संबंध येतो. छापलेल्या या दाव्याची शहानिशा कोणालाही एक पैसा न भरता करता येते, आणि ती करणे हा खरेदीच्या कामाचाच भाग मानला गेला पाहिजे, एवढेच या पत्रातून मांडायचे आहे.

पेटंट म्हणजे सरकारने शोधकाशी जनतेच्या वतीने केलेला करार. पेटंट कायदा, १९७० प्रमाणे शोधकाला अर्जाच्या तारखेपासून २० वर्षे, आपली वस्तू दुसऱ्या कोणी बनवू, विकू किंवा आयात करू नये असे बजावण्याचा हक्क मिळतो. त्या बदल्यात त्याने आपली युक्ती, त्या विषयातला जाणकार माणूस वाचून ती प्रत्यक्षात आणू शकेल इतक्या तपशिलाने आणि स्वतःला ठाऊक असलेल्या सर्वांत चांगल्या पद्धतीसह, लिहून द्यायची असते. हा मजकूर साधारणपणे १८ महिन्यांनी प्रसिद्ध होतो, पेटंट कार्यालयाचे जर्नल दर शुक्रवारी निघते, आणि पेटंटची नोंदवही कोणालाही पाहता यावी अशी तरतूद कायद्याच्या ७२ व्या कलमात आहे. म्हणजे मक्तेदारीची किंमत आपण वीस वर्षे मोजतो आणि त्या पैशात घेतलेला माल मात्र दुकानातच विसरून येतो.

एक उदाहरण देतो. इम्प्लांटचा, म्हणजे जबड्याच्या हाडात बसवलेल्या कृत्रिम दाताच्या मुळाचा, स्क्रू ठरावीक जोराने आवळण्यासाठी टॉर्क रेंच नावाचे हातभर नव्हे, जेमतेम वीतभर लांबीचे एक हत्यार असते. मध्यंतरी परिचयातल्या एका डॉक्टरांना अशा रेंचचे दरपत्रक आले, त्यात त्याच कामाच्या इतर रेंचपेक्षा किंमत कितीतरी जास्त होती आणि कारण म्हणून डोक्यातली खटक्याची रचना पेटंटेड असल्याचे सांगितले होते. आम्ही प्रतिनिधीकडे पेटंटचा क्रमांक मागितला. बऱ्याच टाळाटाळीनंतर जो मिळाला तो अमेरिकेतला निघाला, आणि अमेरिकेतल्या पेटंटचा अंमल अमेरिकेतच चालतो. मग भारतीय पेटंट कार्यालयाच्या संकेतस्थळावर, जिथे शोधाची सोय सर्वांना खुली आहे, अर्जदाराच्या नावाने तपासले. त्याच रचनेचा भारतातला अर्ज सापडला, पेटंट मंजूर झालेलेही दिसले. पण नोंदवहीच्या पानावर, जिथे अर्जाची तारीख, अग्रक्रमाची (त्याच शोधाचा पहिला अर्ज केल्याची) तारीख, पेटंट क्रमांक आणि नूतनीकरण शुल्क कोणत्या वर्षापर्यंत भरले आहे हे सारे एकाखाली एक दिलेले असते, तिथे शुल्क न भरल्याने पेटंट संपुष्टात आल्याची नोंद होती, आणि तिलाही काही वर्षे उलटली होती. हे पान छापून समोर ठेवल्यावर पुढच्या भेटीत दर आपोआप खाली आला.

शुल्क भरायचे राहून जाते हे ऐकून अनेकांना नवल वाटते. पेटंट जिवंत ठेवायचे तर तिसऱ्या वर्षापासून दरवर्षी शुल्क भरावे लागते, ते टप्प्याटप्प्याने वाढत जाते, आणि शेवटच्या पाच वर्षांत मोठ्या कंपनीला वर्षाला ४०,००० रुपये मोजावे लागतात. ज्या देशात विक्री बेताची तिथला हा खर्च कंपन्या हिशेब करूनच सोडून देतात. असे पेटंट संपले, मग ते शुल्काअभावी असो की मुदत भरल्याने, की त्यातील विषयाला कोणतेही संरक्षण उरत नाही, असे कायद्याच्या ५३ व्या कलमात स्पष्ट लिहिले आहे. माहितीपत्रके मात्र पुन्हा पुन्हा जुन्याच मजकुराने छापली जातात.

याहून कमी लोकांना ठाऊक असलेले कलम १२० वे आहे. पेटंट नसलेल्या वस्तूला पेटंट आहे असे भासवून विकणे हा या कलमाखाली दंडनीय प्रकार आहे. शिवाय वस्तूवर किंवा जाहिरातीत देशाचे नाव न लिहिता नुसते ‘पेटंटेड’ किंवा ‘पेटंट अर्ज केला आहे’ असे लिहिले, तर तो दावा भारतातल्या पेटंटबद्दल किंवा भारतातल्या अर्जाबद्दलच आहे असे कायदा धरून चालतो. जनविश्वास कायदा, २०२३ ने केलेली दुरुस्ती ऑगस्ट २०२४ पासून लागू झाली, तेव्हापासून यासाठी १० लाख रुपयांपर्यंत दंड आहे, आणि खोटा दावा चालूच ठेवला तर दर दिवसाला आणखी हजार रुपये. एवढी कडक तरतूद हाताशी असताना माहितीपत्रकावरचा देश कोणता, इतका साधा प्रश्नही आपण विचारत नाही, याला काय म्हणावे? ‘पेटंट पेंडिंग’ची गोष्ट आणखी वेगळी आहे. त्याचा अर्थ अर्ज पडून आहे इतकाच. पेटंट मंजूर होईपर्यंत अर्जदाराला कोणावर उल्लंघनाचा दावा लावता येत नाही.

इथे दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, नाहीतर उत्साहाच्या भरात कोणीतरी अडचणीत यायचा. एका उपकरणावर अनेक पेटंटे असू शकतात. खटक्याचे संपले तरी धातूच्या लेपाचे किंवा सोबतच्या सॉफ्टवेअरचे जिवंत असू शकते. शुल्क थकल्याने संपलेले पेटंट १८ महिन्यांच्या आत अर्ज करून पुन्हा उभे करता येते. बाह्य आकाराची नोंदणी वेगळ्या कायद्याखाली होते. म्हणून नोंदवहीतली एक ओळ वाचून थेट कारखाना काढू नये, त्यासाठी जाणकार पेटंट एजंटाचा सल्ला घ्यावाच. दर ठरवताना प्रश्न विचारण्यापुरती मात्र ती एक ओळ पुष्कळ होते.

माझ्या धंद्याच्या इतिहासात या विषयावरचे एक प्रकरण फार बोलके आहे. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत चांगली कवळी सोन्याच्या किंवा हस्तिदंताच्या पाटावर, म्हणजे हिरडीवर टेकणाऱ्या तळावर, बसवली जाई आणि ती श्रीमंतांनाच परवडे. १८५१ मध्ये नेल्सन गुडइयर यांनी कडक रबराचे पेटंट अमेरिकेत घेतले, आणि या व्हल्कनाइट रबराचा पाट हिरडीच्या मापाबरहुकूम, स्वस्तात बनवता येऊ लागला. पुढे जॉन कमिंग्ज यांना १८६४ मध्ये खास कवळीच्या रबरी पाटाचे पेटंट मिळाले. ते ज्या कंपनीच्या हाती गेले तिने प्रत्येक दंतवैद्याने परवाना शुल्क भरावे असा आग्रह धरला, आणि तिचे खजिनदार जोसाया बेकन गावोगाव फिरून न भरणाऱ्यांना कोर्टात खेचू लागले. १८७६ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने पेटंट वैध ठरवले. कटुता इतकी वाढली की एप्रिल १८७९ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत सॅम्युअल चॅलफंट नावाच्या दंतवैद्याने बेकन यांना गोळी घालून ठार केले.

गोळीची ही हकीकत लोक चवीने सांगतात, पण मला तिच्यापेक्षा १८८० चा निकाल महत्त्वाचा वाटतो. डेव्हिस नावाच्या दंतवैद्याने रबराऐवजी सेल्युलॉइड या सुरुवातीच्या काळातल्या प्लास्टिकचा पाट वापरला होता आणि कंपनीने त्याच्यावरही दावा लावला. न्यायालयाने कमिंग्ज यांच्या पेटंटाचा मजकूर बारकाईने वाचला आणि सांगितले की, हा हक्क कडक रबराच्या आणि लिहून दिलेल्या पद्धतीने बनवलेल्या पाटापुरताच आहे, सेल्युलॉइड त्यात येत नाही. पेटंटच्या शेवटी हक्क नेमका कशावर हे सांगणारी जी क्रमांकित विधाने (क्लेम) असतात, त्यांतला शब्द न् शब्द हीच हक्काची हद्द असते, आणि त्या हद्दीच्या बाहेरची जमीन सर्वांची असते. १८८१ मध्ये त्या पेटंटची मुदत संपली आणि व्हल्कनाइटची कवळी साऱ्या जगात पसरली; १९३० च्या दशकाअखेर अक्रिलिक येईपर्यंत तिचेच राज्य होते.

अगदी आजचे उदाहरण हवे असेल तर वाकडे दात सरळ करणाऱ्या पारदर्शक अलाइनरचे घ्यावे. दातांवर टप्प्याटप्प्याने साचे चढवून ते सरकवण्याची कल्पना केसलिंग नावाच्या अमेरिकी दंतवैद्याने १९४५ च्या सुमारास मांडली होती. तिला संगणक आणि थ्रीडी प्रिंटिंग यांची जोड देणारी मूळ पेटंटे कॅलिफोर्नियातल्या एका कंपनीने १९९७ पासून दाखल केली, आणि २०१७ पासून ती एकेक करून संपू लागली. तोवर ज्या प्रिंटिंगवर हे सारे उभे आहे, त्या द्रवरूप रेझिन प्रकाशाने थरावर थर घट्ट करण्याच्या चार्ल्स हल यांच्या १९८६ च्या पेटंटची मुदत केव्हाच सरली होती. आज सोलापूरसारख्या शहरातल्या लॅबमध्येही प्लास्टरच्या मॉडेलशेजारी रेझिनचा प्रिंटर ठेवता येतो, तो या दोन तारखांमुळे. रुग्णांना मात्र अजून कुठे कुठे सांगितले जाते की ही पद्धत एकाच कंपनीची आहे. नंतरच्या सुधारणांवर, विशेषतः साच्याचा पदार्थ आणि सॉफ्टवेअर यांवर, नवी पेटंटे आहेत हे खरे. मूळ युक्ती मात्र आता सर्वांची आहे.

मुदत संपलेली पेटंटे म्हणजे माझ्यासारख्या कारागिराला फुकट मिळालेले पाठ्यपुस्तक आहे. त्यात आकृत्या असतात, आकृतीतल्या प्रत्येक भागाला क्रमांक असतो, आणि तो भाग काय काम करतो, कशाचा बनवावा, हे ओळीने लिहिलेले असते. आपल्याकडे अभियांत्रिकीचे विद्यार्थी शेवटच्या वर्षी प्रकल्प करतात, त्यांतले बरेचसे जगात कुठेतरी आधीच करून झालेले असतात. अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत यंत्रमागाचे सुटे भाग नेमक्या मापात काढून देणारे हात आहेत. या दोघांची आणि इथल्या डॉक्टरांची गाठ या नोंदींवर पडली, तर दंतवैद्यकातली आणि अस्थिरोगातली कितीतरी साधी हत्यारे इथेच बनू शकतील. अर्थात त्यासाठी वैद्यकीय उपकरणे नियम, २०१७ पाळावे लागतील. त्यात उपकरणांचे धोक्याच्या प्रमाणात अ, ब, क, ड असे चार वर्ग केले आहेत, आणि पहिल्या दोन वर्गांतील उत्पादनाचा परवाना राज्याच्या अन्न व औषध प्रशासनाकडूनच मिळतो, दिल्लीला जावे लागत नाही. शस्त्रक्रियेची किंवा उपचाराची पद्धत भारतात पेटंट करताच येत नाही, हे कायद्याच्या तिसऱ्या कलमात आहे. त्यामुळे डॉक्टरांनी नवे तंत्र शिकताना त्या भीतीने अडखळण्याचे कारण नाही. मक्तेदारी असू शकते ती हत्याराची.

आणखी एक गैरसमज दूर व्हायला हवा. पेटंट हा गुणवत्तेचा दाखला नाही. युक्ती नवी आहे का, ती जाणकाराला सहज सुचण्यासारखी तर नव्हती ना, आणि उद्योगात तिचा उपयोग होतो का, हे परीक्षक पाहतो. ती रुग्णाच्या शरीरात किती वर्षे टिकेल हे तो पाहत नाही, आणि ते त्याचे कामही नाही. एएसआर या नावाने विकला गेलेला कृत्रिम खुब्याचा सांधा २०१० मध्ये जगभरातून परत मागवण्यात आला. भारतात तो बसवलेल्या हजारो रुग्णांपैकी बहुसंख्यांचा पत्ताच लागत नाही, असे केंद्राने २०१७ मध्ये नेमलेल्या तज्ज्ञ समितीच्या अहवालातून पुढे आले. मला या प्रकरणातला विरोधाभास बोचतो. सांध्याच्या कडेची गोलाई किती, हे कोणत्या वर्षी कोणी लिहून दिले त्याची नोंद जगातल्या कोणत्याही माणसाला घरबसल्या सापडते, आणि तो सांधा ज्याच्या अंगात आहे त्या माणसाची नोंद त्याच्या स्वतःच्या देशात सापडत नाही.

पेटंट म्हणजे लूट, असे माझे म्हणणे नाही. तिरुअनंतपुरमच्या श्री चित्रा तिरुनाल संस्थेत डॉ. वलियाथन यांच्या चमूने हृदयाची कृत्रिम झडप तयार केली, पहिले तीन नमुने फसल्यावर चौथा जमला, आणि डिसेंबर १९९० मध्ये ती प्रथम रुग्णाला बसवली गेली. सार्वजनिक संस्थेने तंत्रज्ञान कारखान्याकडे सोपवले आणि आयात झडपेपेक्षा खूप कमी किमतीत ती मिळू लागली. याउलट जयपूर फूटचे पेटंट घेतलेच गेले नाही, आणि तो पाय कितीतरी देशांत पोहोचला. मालक कोण आणि त्याला काय साधायचे आहे, यावर बरेच अवलंबून असते.

नागरिकांना नोंद वाचण्यापलीकडेही अधिकार आहेत. अर्ज प्रसिद्ध झाल्यापासून पेटंट मंजूर होईपर्यंत कोणीही माणूस त्याला लेखी विरोध करू शकतो. क्षयरोगावरच्या बेडाक्विलिन या औषधाची मक्तेदारी लांबवू पाहणारा अर्ज मार्च २०२३ मध्ये मुंबईच्या पेटंट कार्यालयाने फेटाळला, तेव्हा विरोध करणाऱ्यांत नंदिता वेंकटेशन आणि फुमेझा तिसिले या क्षयातून बऱ्या झालेल्या, पण उपचारांत श्रवणशक्ती गमावलेल्या दोन स्त्रिया होत्या. ते प्रकरण औषधाचे होते, पण उपकरणांनाही हीच तरतूद लागू आहे. शिवाय पेटंटचा भारतात प्रत्यक्ष वापर होतो की नाही, याचे निवेदन मालकाला फॉर्म २७ मध्ये द्यावे लागते, आणि लोकांच्या वाजवी गरजा भागत नसतील तर पेटंट मिळाल्यापासून तीन वर्षांनंतर दुसऱ्या उत्पादकाला सक्तीचा परवाना मागता येतो. ही निवेदने नीट भरली जात नाहीत म्हणून प्रा. शमनाद बशीर यांनी २०१५ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयात जनहित याचिका केली होती. असे असताना पूर्वी दरवर्षी द्यावे लागणारे हे निवेदन २०२४ च्या नियमांनी तीन वर्षांतून एकदा केले. उद्योगांची सोय झाली असेल, पण माझ्या मते जनतेच्या हातातले एक साधन त्याने बोथट झाले.

नोंदणीचे मोल सोलापूरला नव्याने पटवून द्यायला नको. सोलापुरी चादर आणि टेरी टॉवेल यांची भौगोलिक निर्देशनाखाली नोंद आहे, आणि बाहेर विणलेल्या चादरीवर सोलापूरचे नाव दिसले की आपण रास्त तक्रार करतो. स्वतःच्या नोंदीबद्दल इतके जागरूक असलेल्या शहराने दुसऱ्याची नोंद तपासण्यात कसूर करू नये.

माझी सूचना खर्चाची नाही. केंद्राच्या सर्वसाधारण वित्तीय नियम, २०१७ मधील १६६ व्या नियमाप्रमाणे, वस्तू एकच उत्पादक बनवतो अशी खात्री असेल तर एकाच पुरवठादाराकडून दर मागवता येतो, पण त्यासाठी तसे प्रमाणपत्र कागदोपत्री ठेवावे लागते. सोलापुरातील शासकीय रुग्णालय, महापालिकेचे दवाखाने आणि जिल्हा परिषदेची आरोग्य केंद्रे यांच्या खरेदीतही, जिथे जिथे ‘दुसरा उत्पादक नाही’ हे कारण पुढे केले जाते, तिथे पुरवठादाराकडून तीन गोष्टी लेखी मागाव्यात: भारतातील पेटंटचा क्रमांक, अर्जाची तारीख आणि नूतनीकरण शुल्क कोणत्या तारखेपर्यंत भरले आहे. भांडार विभागातल्या कर्मचाऱ्याने त्या क्रमांकाचे नोंदवहीतले पान छापून प्रकरणात लावावे. क्रमांक देता येत नसेल तर एकाच पुरवठादाराचे कारण ग्राह्य धरू नये आणि खुल्या निविदेने दर मागवावेत.

ही नोंद इंग्रजीत असते आणि तिची भाषा किचकट असते, हे मान्य. म्हणून विद्यापीठ, अभियांत्रिकी महाविद्यालये किंवा शहरातले एखादे सार्वजनिक वाचनालय यांपैकी कोणी आठवड्यातून एक संध्याकाळ पेटंट शोधून देण्याची सोय केली, तर डॉक्टर, कारागीर आणि विद्यार्थी तिथे येतील. दंतवैद्यकातल्या नोंदी वाचून समजावून सांगण्याचे काम मी आनंदाने करीन. बौद्धिक संपदेचे प्रशिक्षण देणारी केंद्र सरकारची संस्था नागपुरातच आहे, तिच्याकडून अशा कामाला मार्गदर्शन मागता येईल. येत्या आर्थिक वर्षाच्या खरेदीचे मागणीपत्रक तयार होण्यापूर्वी या सूचनेचा विचार व्हावा, म्हणून आपल्या दैनिकाने ती संबंधित अधिकाऱ्यांपर्यंत पोहोचवावी, ही विनंती.

आपला,
एक डेंटल लॅबचालक, सोलापूर